रक्षकाचे रक्षण आणि रयतेचे झाड
(‘आज्ञापत्रा’तील दुर्ग व आरमार या प्रकरणांचे एक वाचन)

सिंधुदुर्गनगरीहून समुद्र दिसत नाही. १ मे १९८१ रोजी रत्नागिरी जिल्ह्याचे विभाजन होऊन सिंधुदुर्ग जिल्हा अस्तित्वात आला आणि पुढे ओरोस येथे मुंबई-गोवा महामार्गालगत जिल्ह्याचे मुख्यालय वसविण्यात आले. मालवणचा किनारा येथून तासाभराच्या वाटेवर आहे. तथापि विजयदुर्गापासून रेडीपर्यंतच्या सुमारे १२१ किलोमीटर किनाऱ्याचे कागद याच गावी येतात आणि येथूनच निघतात. कोणत्या नौकेची नोंदणी झाली, कोणाचे ओळखपत्र राहिले, कोणत्या बंदरावर पहारा वाढवावयाचा, याविषयीचा निर्णय लाटेच्या आवाजापासून दूर, कचेरीच्या पंख्याखाली होतो. यात वावगे काही नाही. समुद्रापासून दूर बसून समुद्राच्या संरक्षणाचा विचार करण्याची रीत आपल्याकडे जुनी आहे. त्या रीतीचा एक उत्तम मराठी ग्रंथ आपल्या घाटमाथ्यावरच्याच एका घराण्याने दिला, आणि त्याच्याविषयी चार शब्द लिहावे म्हणून आम्ही आज लेखणी हाती घेतली आहे.

कारूळचा घाट चढून गेले की गगनबावडा लागतो. तेथील बावडेकर घराण्याचे मूळपुरुष रामचंद्रपंत अमात्य. शिवाजी महाराजांची कारकीर्द त्यांनी पाहिली, संभाजी महाराजांच्या काळात सेवा केली, आणि १६८९ साली राजाराम महाराज जिंजीकडे गेले तेव्हा मागे उरलेल्या मुलखाचा सारा भार ‘हुकुमतपन्हा’ या किताबासह त्यांच्यावर पडला. १७१५ साली, वार्धक्यात, करवीरच्या संभाजी महाराजांच्या नावे जे ‘आज्ञापत्र’ निघाले त्याचे कर्तृत्व परंपरेने रामचंद्रपंतांकडे दिले जाते. राजा, प्रधान, साहुकार, टोपीकर, वतनदार, वृत्ती, दुर्ग आणि आरमार असा त्याचा क्रम आहे. मराठीच्या विद्यार्थ्यांना त्यातला एखादा उतारा परीक्षेपुरता भेटतो. सबंध ग्रंथ मात्र फार थोड्यांच्या वाचनात येतो.

एक गैरसमज आरंभीच दूर केला पाहिजे. आरमारासाठी रयतेची आंब्या-फणसाची झाडे तोडू नयेत, हा प्रसिद्ध मजकूर शिवाजी महाराजांच्या पत्रातला म्हणून भाषणांतून आणि भिंतीवरच्या फलकांतून सर्रास सांगितला जातो. तो या ‘आज्ञापत्रा’च्या आरमार प्रकरणातला आहे, महाराजांच्या १६८० मधील निधनानंतर पस्तीस वर्षांनी लिहिला गेलेला. त्यामागची वृत्ती महाराजांचीच आहे, हे मान्य करावयास हरकत नाही. पण शब्द अमात्यांच्या ग्रंथातले आहेत, आणि समीक्षेने ज्याचे त्याला देणे हा पहिला धर्म होय.

आता ग्रंथाच्या गद्याकडे पाहू. हे सरकारी आज्ञेचे गद्य आहे. असे करावे, असे करू नये, अशा विध्यर्थी क्रियापदांनी ते भरलेले आहे. तरीही ते वाचताना कोरडेपणा जाणवत नाही. याचे कारण असे, की जवळजवळ प्रत्येक आज्ञेच्या पाठोपाठ तिचा हेतू येतो. किल्ल्यावर एका झऱ्याच्या भरवशावर राहू नये, असे सांगून लेखक थांबत नाही. युद्धाच्या धामधुमीत तोफांच्या आवाजाने झऱ्यांचे पाणी कमी होते, म्हणून तळी-टाकी बांधून साठा करावा, असे तो समजावून देतो. हे तोफांचे शास्त्र आजच्या भूगर्भतज्ज्ञास पटेल की नाही हा प्रश्न निराळा. आज्ञा देणाऱ्याने कारण सांगितले की आज्ञा पाळणारा बुद्धिमान माणूस आहे हे त्याने मान्य केले, एवढे आम्हांला येथे महत्त्वाचे वाटते. आजच्या सूचनाफलकावरचे ‘सक्त मनाई आहे’ हे वाक्य आणि अमात्यांचे वाक्य शेजारी ठेवून पाहावे. दोन्हींमध्ये अधिकार आहे. दुसऱ्यात संवादही आहे.

दुर्ग प्रकरणाचा विषय एका शब्दात सांगावयाचा तर तो ‘रक्षकाचे रक्षण’ हा आहे. आधुनिक सैनिकी भाषेत यास स्वतंत्र शास्त्राची प्रतिष्ठा मिळाली आहे. जे दल देशाचे रक्षण करते त्याचे तळ, त्याची जहाजे, त्याची माणसे आधी सुरक्षित राहिली पाहिजेत. ती बेसावध मारली गेली तर देशाचे रक्षण करणार कोण, असा त्याचा विचार आहे. अमात्यांनी हाच विचार दगड, पाणी, झाडे आणि माणसे यांच्या भाषेत मांडला आहे. किल्ल्याच्या माऱ्याच्या टप्प्यात दुसरा डोंगर असू नये. असल्यास तो फोडून काढावा, ते न साधल्यास तोही बांधून ताब्यात ठेवावा. किल्ल्यास एकच दरवाजा असणे हे वैगुण्य; दोन-तीन दरवाजे आणि चोरदिंड्या असाव्यात. भोवतीची झाडी म्हणजे संरक्षणाचाच एक भाग, तिची काडीही विनापरवाना तुटता कामा नये. केरकचरा किल्ल्याखाली टाकू नये. तो जाळून त्या राखेवर घरोघरच्या परसात भाजी पिकवावी. जो लेखक तोफेइतकीच केराची काळजी करतो त्याने किल्ल्यावर संसार करणारी माणसे जवळून पाहिली आहेत, हे उघड आहे.

मालवणच्या धक्क्यावर उभे राहिले की या प्रकरणाचे मूर्त रूप समोर दिसते. कुरटे बेटावरील सिंधुदुर्गाच्या बांधणीस २५ नोव्हेंबर १६६४ रोजी प्रारंभ झाला. म्हणजे आधी किल्ला आणि पन्नास वर्षांनी ग्रंथ, असा हा क्रम आहे. शास्त्र अनुभवामागून आले. किल्ल्याचा दरवाजा गोमुखी बांधणीचा, समोरून सहजी न दिसणारा. आत दूधबाव, दहीबाव आणि साखरबाव या तीन गोड्या पाण्याच्या विहिरी. भोवती पद्मगड, राजकोट आणि सर्जेकोट हे छोटे पहारेकरी. मोठ्या रक्षकास लहान रक्षकांनी राखावे, ही दृष्टी त्या रचनेत आहे. गडाच्या तटाआड अजूनही काही कुटुंबे नांदतात, ही गोष्ट तर अमात्यांना विशेष आवडली असती.

आरमार प्रकरणात हीच दृष्टी पाण्यावर उतरते. आरमार हे राज्याचे स्वतंत्र अंग आहे. भूमी जशी घोडदळाच्या बळावर राखता येते तसा समुद्र आरमाराच्या बळावर, असे सांगून लेखक तपशिलाकडे वळतो. गुराबा फार थोरही नकोत आणि फार लहानही नकोत. वाऱ्यावाचून हलू न शकणारे अवजड जहाज उपयोगाचे नाही. आरमाराचा खर्च बंदराच्या उत्पन्नावर टाकू नये, त्यासाठी मुलूख वेगळा नेमून द्यावा. नाहीतर खर्चाच्या तगाद्याने व्यापाऱ्यावर जुलूम होईल, व्यापारी बंदर सोडून जाईल आणि बंदर बुडेल. पावसाळ्याची छावणी दरसाल एकाच बंदरात करू नये, म्हणजे तेथील रयतेला सततचा उपद्रव होणार नाही. शत्रूचे जहाज जेरीस येऊन कौल मागू लागले तरी उतावीळपणे त्याला भिडू नये, अंतर राखावे, कारण दगा जवळ आल्यावरच होतो.

ही शेवटची सूचना वाचताना आम्हांला दूरचे एक बंदर आठवले. १२ ऑक्टोबर २००० रोजी एडनच्या बंदरात अमेरिकेची ‘कोल’ ही विनाशिका इंधन घेत उभी असता एक छोटी होडी तिच्या कुशीला येऊन लागली आणि तिच्यातील स्फोटकांनी सतरा खलाशांचे प्राण घेतले. जगातील सर्वांत बलाढ्य आरमाराचे जहाज होडीभर दारूने फाडले. त्यानंतर सर्वच देशांची नौदले आपल्या जहाजांभोवतीचे पाणी संशयाने पाहू लागली. आपल्याकडे मुंबईवरील हल्ल्यानंतर २००९ साली नौदलाचे तळ आणि त्यांच्या आसपासचा समुद्र राखण्यासाठी ‘सागर प्रहरी बल’ उभारण्याचा निर्णय झाला. रक्षकाचे रक्षण ही भित्र्याची चैन नव्हे, हे या घटनांनी पटावे. ज्यांची मुले नौदलात किंवा व्यापारी जहाजांवर आहेत अशा आपल्या धर्मग्रामांतील कुटुंबांना तर ते वेगळे सांगावयास नको.

परंतु अमात्य येथे थांबत नाहीत, आणि येथेच हा ग्रंथ केवळ युद्धशास्त्राचा न राहता वाङ्मय होतो. आरमारास लाकूड लागते. सागवान वगैरे आपल्या अरण्यातून परवानगीने तोडावे, कमी पडल्यास परमुलखातून विकत आणावे. आंबा आणि फणस ही झाडेही कामाची आहेत; पण त्यांना हात लावू देऊ नये. ही झाडे वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत. रयतेने ती लेकरांसारखी दीर्घकाळ जतन करून वाढविलेली असतात. ती तोडल्यास तिच्या दुःखाला पार राहत नाही. एकाला दुःख देऊन जे कार्य उभारले जाते ते करणाऱ्यासह लवकरच लयाला जाते आणि प्रजेच्या पीडेचा दोष धन्याच्या माथी येतो. एखादे झाड अगदीच जीर्ण झाले असेल तर धन्याला राजी करून, मोल देऊन, त्याच्या संतोषाने तोडावे. बळजोरी सर्वथा करू नये. हा मजकुराचा आमच्या शब्दांतला सारांश आहे. मुळात तो वाचताना वाक्यांची लय बदलते. इतका वेळ हिशेबी अमात्य बोलत होता. आता घरातला वडीलधारा माणूस बोलू लागतो.

बायबल घरी वाचले जाते अशा आपल्या वाचकांना येथे नाबोथाच्या द्राक्षमळ्याची कथा आठवल्यावाचून राहणार नाही. अहाब राजाला राजवाड्यालगतचा मळा हवा होता. त्याने आधी मोलही देऊ केले. नाबोथाने वडिलोपार्जित जमीन देण्यास नकार दिला, तेव्हा राणीने खोटे साक्षीदार उभे करून त्याचा जीव घेतला आणि मळा राजाला मिळाला. पुढे त्या घराण्याचे काय झाले तेही आपण जाणतो. अहाबाला भाजीचा मळा करावयाचा होता. अमात्यांपुढे राज्याच्या संरक्षणाचे, अधिक भारदस्त असे कारण होते. तरीसुद्धा त्यांनी धन्याचा नकार हा शेवटचा शब्द मानला. संरक्षणाचे कारण पुढे आले की मालकाची संमती गौण ठरते, हे आज आपण सहज गृहीत धरतो. १७१५ सालच्या या राजनीतिज्ञाने ते धरले नव्हते.

याचे मूळ शिवाजी महाराजांच्या काळात सापडते. १६७० च्या दशकात चिपळूणजवळ पावसाळी छावणीस राहिलेल्या घोडदळाच्या अधिकाऱ्यांना महाराजांनी पाठविलेले पत्र प्रसिद्ध आहे. त्यात एकीकडे गवताच्या गंजीजवळ चुली पेटवू नका, जळती वात उंदराने नेली तरी पागा खाक होईल, अशी बारीक सावधगिरी आहे. दुसरीकडे दाणा-वैरण बाजारातून विकत घ्या, रयतेला लुबाडाल तर ती तुम्हांला मोगलांहून वाईट म्हणेल, ही तंबी आहे. घोडी वाचविणे आणि रयत वाचविणे या दोन गोष्टी एकाच पत्रात, एकाच श्वासात येतात. ‘आज्ञापत्रा’ने हीच जोडणी ग्रंथरूप केली, आणि आमच्या मते हेच त्याचे खरे मोठेपण होय.

तथापि कौतुकाच्या भरात ग्रंथाचे दोष झाकू नयेत. पहिला दोष असा, की हा सारा संवाद वरून खाली चालतो. ज्या भंडारी, कोळी, गाबीत आदी दर्यावर्दी समाजांनी ते आरमार प्रत्यक्ष हाकले, त्यांच्यापैकी कोणीही या ग्रंथात तोंड उघडत नाही. झाडाच्या धन्याचे दुःख लेखकाला कळते. वल्हे मारणाऱ्याचे दुःख त्याने विचारलेले नाही. दुसरा दोष असा, की ग्रंथ आदर्श सांगतो, आचरण सांगत नाही. समुद्रावर परवाना नसलेले जहाज धरण्याची रीत मराठ्यांतही होती आणि पोर्तुगीजांतही होती, आणि धरले गेलेल्या तांडेलाला तिचे नीतिशास्त्र फारसे जाणवत नसावे.

तिसरी गोष्ट दोष नव्हे, दैवदुर्विलास आहे. टोपीकरांपासून सावध राहा, त्यांना खाडीच्या तोंडाशी किंवा समुद्रकिनारी जागा देऊ नका, असे हा ग्रंथ बजावून सांगतो. तो लिहिला गेल्यावर जेमतेम चाळीस वर्षांनी, फेब्रुवारी १७५६ मध्ये, पेशव्यांनी इंग्रजांशी हातमिळवणी करून तुळाजी आंग्र्यांवर स्वारी केली, आणि मराठ्यांचे सर्वांत समर्थ आरमार विजयदुर्गाच्या खाडीत, आपल्याच किल्ल्याच्या छायेत, जळून गेले. रक्षकाच्या रक्षणाचे सारे नियम पाळूनही घरातल्या दुहीपुढे तट उपयोगी पडत नाही. या एका प्रकरणाची ग्रंथाला कल्पना नव्हती.

आता आजच्या किनाऱ्याकडे वळू, कारण जुना ग्रंथ आजच्या प्रश्नाला लावून पाहिल्याखेरीज त्याची परीक्षा पुरी होत नाही. १९९३ च्या आरंभी रायगड जिल्ह्यात दिघी आणि शेखाडी येथे शस्त्रे व स्फोटके उतरली आणि १२ मार्च रोजी मुंबईत २५७ माणसे मेली. पुढे न्यायालयात जे सिद्ध झाले त्यात सीमाशुल्क आणि पोलीस खात्यांतील काहींनी लाच घेऊन डोळे मिटल्याचेही होते. तट होता, दरवाजाही होता. दरवाजावरचा माणूस विकला गेला होता. २६ नोव्हेंबर २००८ रोजी पुन्हा समुद्रमार्गेच मृत्यू आला. दहा हल्लेखोरांनी गुजरातची ‘कुबेर’ ही मासेमारी नौका पळविली, तिच्यावरील खलाशांना ठार केले आणि रबरी होडीतून ते मुंबईच्या मच्छिमार वसाहतीजवळ उतरले. त्या संहाराचे पहिले बळी मच्छिमार होते, आणि किनाऱ्यावर उतरणाऱ्या त्या अनोळखी तरुणांना ‘तुम्ही कोण’ असे पहिल्याने विचारणारेही मच्छिमारच होते. त्यांचे ऐकून घेणारे कोणी वेळेवर जागेवर नव्हते.

त्यानंतर किनाऱ्यावर पुष्कळ काही झाले. सागरी पोलीस ठाणी वाढली, गस्तीनौका आल्या, मच्छिमारांना ओळखपत्रे दिली गेली, नौकांना राज्यवार रंग ठरले, ‘सागर कवच’ नावाच्या सरावात खोटे घुसखोर पाठवून पहाऱ्याची परीक्षा होऊ लागली. हे सारे आवश्यक होते, असेच आम्ही म्हणू. १८ ऑगस्ट २०२२ रोजी हरिहरेश्वरच्या किनाऱ्यावर तीन एके-४७ बंदुका असलेली एक निर्मनुष्य नौका वाहत आली. ती परदेशी मालकाची, वादळात सोडून द्यावी लागलेली निघाली आणि घातपाताचा संबंध आढळला नाही. तरी त्या दिवशी जिल्ह्याजिल्ह्यांत झालेली धावपळ व्यर्थ म्हणता येणार नाही.

प्रश्न उरतो तो झाडाच्या धन्याचा. सरकारी भाषणांत मच्छिमारांना किनाऱ्याचे डोळे आणि कान म्हटले जाते. मात्र समुद्रात गस्तीनौका जवळ आली की त्याच डोळ्या-कानांच्या धन्याला आपण संशयित असल्यासारखे कागद काढून दाखवावे लागतात. त्याला स्वतःला ज्या गोष्टीची भीती वाटते ती निराळीच आहे. बाहेरून येणारे वेगवान ट्रॉलर त्याची जाळी फाडून जातात, पर्ससीनच्या आणि प्रखर दिव्यांच्या मासेमारीने रापणीला मासळी उरत नाही, ही मालवण-वेंगुर्ल्याच्या मच्छिमारांची कित्येक वर्षांची तक्रार आहे. त्याच्या दृष्टीने ‘सुरक्षा’ या शब्दात हेही आले पाहिजे. बंदराचा व्यापारी टिकला तरच आरमार टिकेल, हे अमात्यांनी जाणले होते. मच्छिमार समुद्रावर टिकला तरच समुद्रावर पाहणारे डोळे राहतील, हे त्याच सूत्राचे आजचे रूप आहे.

रक्षकाने केवळ स्वतःच्याच रक्षणाचा विचार केला तर काय होते, याचे दुःखद उदाहरण केरळच्या समुद्रात १५ फेब्रुवारी २०१२ रोजी घडले. ‘एन्रिका लेक्सी’ या इटालियन तेलवाहू जहाजावर चाच्यांपासून संरक्षणासाठी नेमलेल्या नौसैनिकांनी जवळ येणारी होडी चाच्यांची समजून गोळ्या झाडल्या. ती ‘सेंट अँटनी’ नावाची मासेमारी नौका होती. तिच्यावरील दोन मच्छिमार जागीच मेले. आंतरराष्ट्रीय लवादाचा निर्णय २०२० साली आला आणि दहा कोटी रुपयांच्या भरपाईनंतर २०२१ साली आपल्या सर्वोच्च न्यायालयाने प्रकरण बंद केले. अंतर राखा, हा अमात्यांचा नियम त्या सैनिकांना ठाऊक होता. समोरच्या होडीत कोण आहे हे जाणून घेण्याची वृत्ती नव्हती. आपल्या कुटुंबांतही नौकांना संतांची नावे देतात, म्हणून ही बातमी त्या वेळी आपल्या घरांत अधिक खोल रुतली असावी.

झाडाच्या मोलाचा दुसरा दाखला आपल्या शेजारीच आहे. कारवार येथील ‘सीबर्ड’ या नौदल तळाची पायाभरणी १९८६ साली झाली आणि २००५ साली ‘आयएनएस कदंब’ कार्यान्वित झाले. पश्चिम किनाऱ्याला अशा तळाची गरज होती, याविषयी दुमत नाही. त्यासाठी चार हजारांहून अधिक कुटुंबांना घर, शेत आणि किनारा सोडावा लागला. वाढीव मोबदल्याचे दावे सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि कित्येकांना दोन-अडीच दशके वाट पाहावी लागली. तेथेही आंबा-फणस होते. ‘राजी करून, मोल देऊन, संतोषाने’ हे अमात्यांचे तीन निकष या प्रकरणास लावून पाहिले तर मोल शेवटी मिळाले, पहिले आणि तिसरे मात्र राहिले, असेच म्हणावे लागते.

या ग्रंथातील टोपीकर प्रकरणाविषयी न लिहिता लेख संपविला तर आम्ही वाचकांशी प्रामाणिक राहिलो नाही असे होईल. टोपीकर हे नुसते व्यापारी नव्हेत, त्यांच्या पाठीशी राजे आहेत, ते जागा धरतात ती सोडत नाहीत आणि आपले मतही रुजवू पाहतात, असे तेथे म्हटले आहे. आपल्यापैकी काहींना ही वाक्ये बोचतात. आमचे म्हणणे असे, की बोचू देऊ नयेत. लेखकाचा रोख तोफा, वखारी आणि परकी सत्ता यांच्यावर आहे. या मातीत नांगर धरणाऱ्या आणि जाळे ओढणाऱ्या ख्रिस्ती रयतेवर नाही. मात्र त्या वाक्यातून निघणारा एक धोका ओळखून ठेवला पाहिजे. राज्याविषयीचा संशय श्रद्धेवर आणि श्रद्धेवरून माणसावर कधी सरकतो ते कळत नाही. १९५५ पासून १९६१ पर्यंत गोव्याची सीमा बंद होती, तेव्हा सावंतवाडी-बांद्याकडील कित्येक घरांची नाती तेरेखोलच्या अलीकडे आणि पलीकडे विभागली गेली. पलीकडे माहेर असणे हा काही गुन्हा नव्हता. वसाहतवाद जावा हे धोरण योग्यच होते. पण योग्य धोरणाचा भार कोणाच्या पाठीवर पडला याची नोंद साहित्याने ठेवावी, कारण कचेरीत ती राहत नाही.

सारांश, आम्हांला या ग्रंथाचा एकच मोठा धडा दिसतो. रक्षकाचे रक्षण आणि रयतेचा संतोष ही एकाच धोरणाची दोन अंगे आहेत. पहिले सोडले तर ‘कोल’सारखा घात होतो, दुसरे सोडले तर किनारा मुका होतो, आणि मुक्या किनाऱ्यावर कोण उतरले हे कोणी सांगावयास येत नाही. अमात्यांनी झाडाचा धनी जपला तो निव्वळ दयेपोटी नव्हे. दुखावलेल्या रयतेच्या मुलखात कोणताही किल्ला फार दिवस उभा राहत नाही, हे त्यांनी राजाराम महाराजांच्या पडत्या काळात, रयतेच्या आधारावर राज्य सावरताना, प्रत्यक्ष अनुभवले होते.

२ सप्टेंबर २०२२ रोजी भारतीय नौदलाच्या ध्वजावर महाराजांच्या राजमुद्रेवरून घेतलेली अष्टकोनी आकृती आली. ४ डिसेंबर २०२३ रोजी नौदल दिन मालवणच्या किनाऱ्यावर साजरा झाला आणि राजकोटावर महाराजांचा पुतळा उभा राहिला. तो पुतळा २६ ऑगस्ट २०२४ रोजी कोसळला. पुढे २०२५ साली त्या जागी नवा उभारण्यात आला. पुतळ्याच्या पायाची चौकशी झाली, ते योग्यच झाले. पण ज्या विचारावर ते आरमार उभे होते त्याचा पाया या लहानशा ग्रंथात सुरक्षित आहे, आणि तो तपासावयास समिती लागत नाही.

वाचकहो, ग्रंथालयातून ‘आज्ञापत्र’ आणा. भाषा जुनी आहे, फारसी शब्द अडतील. घरातल्या वडीलधाऱ्यांसह दोन संध्याकाळी बसलात तर दुर्ग आणि आरमार ही दोन प्रकरणे वाचून होतील. मग सुरक्षेच्या नावाने एखादा नवा कागद ओरोसच्या कचेरीतून किंवा दिल्लीहून तुमच्या गावी येईल, तेव्हा त्याला दोन प्रश्न विचारा. यात पहारेकऱ्याच्या जिवाची काळजी घेतली आहे काय? आणि झाडाच्या धन्याला कोणी विचारले आहे काय? दोन्हींचे उत्तर होय असेल, तर तो कागद मानावा आणि पहाऱ्याला हातभारही लावावा.